भिंतीपलीकडचा टेलर

गेल्या पावसाळ्यात आय न्हाणीत घसरून पडली. बरगडीला मार लागला होता, श्वास घेताना कळ उठत होती. वरळी कोळीवाड्याच्या आमच्या गल्लीत टॅक्सी शिरत नाही. तिला खुर्चीत बसवून नाक्यापर्यंत आणलं आणि तिथून एका छोट्या एक्स-रे सेंटरवर नेलं. ऐंशी ओलांडलेल्या बाईला स्टँडसमोर उभं राहवेना. टेक्निशियनने बाहेर हाक मारली, तसा एकोणीस-वीस वर्षांचा पोरगा आला आणि आयच्या काखेत हात घालून उभा राहिला. अंगावर लेड ॲप्रन नव्हता, छातीवर बिल्ला नव्हता. मी त्याला बाहेर काढलं, खुंटीवरचा ॲप्रन घातला आणि आयला स्वतः धरलं. नंतर त्याला विचारलं, "दिवसाला किती जणांना धरतोस रे?"

"दहा-बारा होतात, मावशी."

परळच्या एका इस्पितळात मी एकतीस वर्षं एक्स-रे काढले. सुरुवातीला लाल दिव्याच्या डार्करूममध्ये डेव्हलपर-फिक्सरच्या वासात, नंतर संगणकासमोर. त्यामुळे एक गोष्ट आधीच सांगते. डॉक्टरांनी सांगितलेला एक्स-रे भीतीपोटी टाळू नका. छातीच्या एका एक्स-रेचा डोस साधारण 0.02 मिलिसिव्हर्ट असतो. जमिनीतून, आकाशातून, अन्नातून माणसाला वर्षभरात सरासरी 2.4 मिलिसिव्हर्ट असेही मिळतातच, म्हणजे हा हिशेब जेमतेम तीन दिवसांचा झाला. छातीच्या सीटी स्कॅनचा डोस मात्र काही मिलिसिव्हर्टचा असतो, म्हणून तो उगाच करू नये. आयला बरगडी मोडली की नाही हे कळणार होतं, तिच्यासाठी तो डोस घेण्याजोगा होता. त्या पोराला त्यातून काय मिळणार होतं? किरणांपासून संरक्षणाचं शास्त्र याच प्रश्नापासून सुरू होतं. ज्याला फायदा आहे त्यालाच, गरजेपुरताच आणि शक्य तितका कमी डोस. शिसं त्यानंतर येतं.

माझे बाबा डोलीच्या मासेमारीला जायचे. होडीत पेट्रोमॅक्सची बत्ती असायची. बत्तीपासून एक हातावर जाळ्याची गाठ लख्ख दिसते. दोन हातांवर गेलात तर उजेड निम्मा नाही, पाव होतो. तीन हातांवर नववा हिस्सा. एक्स-रेच्या नळीतून निघणाऱ्या किरणांचंही असंच आहे. म्हणून बटण दाबताना टेक्निशियन लांब जातो, आडोशाला जातो. पेशंटच्या अंगावर आपटून विखुरलेले किरण खोलीभर जातात, आणि धरणारा माणूस तर पेशंटला चिकटूनच असतो. बटण सोडलं की किरण संपतात, खोलीत काही साचून राहत नाही. पुष्कळ लोक रिकाम्या खोलीला भितात आणि चालू खोलीचं दार मात्र अर्धवट उघडं ठेवतात.

उरला आडोसा. एकामागे एक जाळी लावली आहेत असं समजा. पहिल्याने निम्मी मासळी अडवली, दुसऱ्याने उरलेल्यातली निम्मी, तिसऱ्याने त्यातलीही निम्मी. दहा जाळ्यांनंतर हजारातली एक उरते, पण अगदी शून्य कधीच होत नाही. शिशाचं, विटांचं, काँक्रीटचं काम असंच चालतं. म्हणून जाडी अंदाजाने ठरवायची नसते. मुख्य झोत ज्या भिंतीवर पडतो ती 35 सेंटिमीटर विटांची हवी, बाकीच्या 23 सेंटिमीटर, आणि दाराला 1.7 मिलिमीटर शिसं किंवा तितकंच अडवणारं काही. हे माप आपल्या मुंबईतच, अणुशक्तीनगरला मुख्यालय असलेल्या अणुऊर्जा नियामक परिषदेचं आहे.

आयची फिल्म येईपर्यंत मी बाहेर बाकावर बसले होते. चेस्ट स्टँड ज्या भिंतीला होता, तिच्या पलीकडून शिलाई मशीनचा आवाज येत होता. उठून बघितलं. शेजारच्या गाळ्यात एक टेलर त्याच भिंतीला पाठ लावून बसला होता. मी त्याची टेप मागितली आणि दाराच्या चौकटीपाशी भिंत मोजली. प्लास्टर धरून साडेपाच इंच. चौदा हवी तिथे साडेपाच.

तो म्हणाला, "मी इथे नऊ वर्षं बसतोय, सकाळी दहा ते रात्री आठ."

सेंटर आधी होतं की टेलर, स्टँड पूर्वी दुसऱ्या भिंतीला होता का, याची चौकशी मी केली. स्टँड हलवला होता, जागा वाचावी म्हणून. आराखडा एकदा मंजूर झाला की मग फर्निचर हलतं, पार्टिशन पडतं, दाराचं पान बदलतं, आणि भिंतीपलीकडे कोण बसलं आहे हे पुन्हा कुणी बघत नाही. आमच्यासारख्या वस्त्यांत तर एकाची भिंत ती दुसऱ्याची भिंत. तिच्या मागे दुकान असेल, मोरी असेल, नाहीतर बाळाचा पाळणा.

लोक बिल्ल्यावर फार विसंबतात. टीएलडी बॅज काही अडवत नाही, फक्त मोजतो. आत तीन छोट्या चकत्या असतात. तीन महिन्यांनी त्या प्रयोगशाळेत तापवतात, आणि जेवढे किरण लागले तेवढ्या त्या उजळतात. किरणांत काम करणाऱ्याला पाच वर्षांत मिळून 100 मिलिसिव्हर्ट आणि कुठल्याही एका वर्षात 30 ही मर्यादा आहे, सामान्य नागरिकाला वर्षाला 1. तो पोरगा यातला कोण? सेंटरच्या कागदावर तो हेल्पर आहे, म्हणून त्याला बिल्ला नाही. बिल्ला नाही म्हणून त्याचा डोस कुणाला माहीत नाही. माहीत नाही म्हणून तो नाहीच, असं धरून सगळे चालतात. टेलर तर त्या कागदावरही नाही.

माझ्या नोकरीच्या काळात वॉर्डातल्या मावश्या मुलांना धरायच्या. रोज त्याच, कारण त्यांना ते जमायचं. नियम उलटा आहे. आधी पट्टा, वाळूची पिशवी, फोमची उशी वापरा. माणूस लागलाच तर नातेवाईक, ॲप्रन घालून, गरोदर नसलेला, आणि पुन्हा पुन्हा तोच नको. हा नियम पाळून घ्यायला मला पहिली आठ-नऊ वर्षं धीर झाला नाही, याचं दुःख आजही आहे. ॲप्रनचीही तीच कथा. तो घडी घालून खुर्चीवर टाकला की आतल्या शिशाच्या पत्र्याला भेग जाते. वरून काही दिसत नाही. आमचाच एक ॲप्रन फ्लुरोस्कोपीखाली धरला तेव्हा कमरेपाशी पांढरी रेघ दिसली होती.

2012 साली कॅगच्या अहवालाने सांगितलं की देशातले सुमारे 91 टक्के वैद्यकीय एक्स-रे विभाग नियामक परिषदेकडे नोंदलेलेच नव्हते. राज्याराज्यांत किरणसुरक्षा संचालनालयं स्थापन करा हा सर्वोच्च न्यायालयाचा 2001 चा आदेश, पण तोवर ती फक्त केरळ आणि मिझोराममध्ये झाली होती. त्यानंतर ई-लोरा ही ऑनलाईन व्यवस्था आली, नोंदणी खूप वाढली, हे मान्य. पण नोंदणीच्या पडद्यावर साडेपाच इंचांची भिंत दिसत नाही. त्यासाठी कुणीतरी किरण मोजणारं सर्व्हे मीटर घेऊन गाळ्याच्या त्या बाजूला उभं राहावं लागतं.

ते काम महापालिकेच्या वॉर्ड ऑफिसने आपल्याकडे घ्यावं, असं माझं म्हणणं आहे. हॉटेलच्या मोरीत उतरून बघणारे लोक वॉर्डात आहेत. एक्स-रे सेंटरमध्ये दुरुस्ती झाली, यंत्र हललं की भिंतीपलीकडचं मोजमाप पुन्हा व्हावं आणि ते शेजाऱ्याच्या हातात मराठीत मिळावं. आणि जो कुणी पेशंट धरतो, त्याला हुद्दा न विचारता बिल्ला. कोळीवाड्यात मोबाईल टॉवरवरून सह्या गोळा होतात. त्या लहरींत अणूतला इलेक्ट्रॉन उखडण्याची ताकद नसते. एक्स-रेत असते. तितक्याच तळमळीने या भिंतींसाठी सह्या व्हाव्यात, मी पहिली करीन.

सेंटरच्या मालकांना मी दोनदा भेटले. पोराला बिल्ल्याचं विचारलं तर म्हणाले, तो कायम नाही. भिंतीचं बघू म्हणाले. महिन्याने आयला पुन्हा दाखवायला गेले तेव्हा भिंत तशीच होती. टेलरने मात्र मशीन उचलून समोरच्या कोपऱ्यात नेलं होतं. मीच त्याला बत्तीचा हिशेब सांगितला होता. पूर्वी तो दाराजवळच्या उजेडात बसायचा. आता दिवसाही ट्यूबलाईट लावून शिवतो.