चतुर्थी झाली की पाहू!

आमच्या कुडाळ तालुक्यातील कोणत्याही वाडीत जावे आणि चाळिशी उलटलेल्या एखाद्या कष्टकरी बाईला तिच्या प्रकृतीविषयी विचारावे. अंगावरून जाते आहे, मधूनच रक्त दिसते, कंबर धरते, हे ती कबूल करील. पण डॉक्टरकडे जायचे नाव काढताच ती आषाढात म्हणेल, तरवा लावून होऊ दे. श्रावणात म्हणेल, चतुर्थी झाली की पाहू. चाकरमानी येणार, घर सारवायचे आहे, माटवी सजवायची आहे. चतुर्थी सरते तोच भात कापणीला येते. कापणीमागून गावची जत्रा, जत्रेमागून शिमगा, शिमग्यामागून काजू-आंबा, आणि तेवढ्यात मृग पुन्हा दारात उभा राहतो. दुखणे अंगावर काढण्याची ही आमच्या कोकणची बारमाही शेती आहे! अखेर एके दिवशी घरातील माणसे घाबरतात, देवळात कौल लागतो, गाडी ठरते, आणि कुडाळचे डॉक्टर तपासून गंभीर चेहऱ्याने सांगतात की बांबोळीला न्या, नाही तर मुंबईला न्या. तोवर गर्भाशयाच्या मुखाशी असलेला कर्करोग आपले मुख सोडून दूरवर पसरलेला असतो.

त्या बाईला दोष देण्यासाठी आम्ही हे लिहीत नाही. दोष देणे फार सोपे असते, आणि शिकलेल्या माणसाला तर ते फारच आवडते. खरा प्रश्न असा की, हाच रोग वेळीच हुडकला असता तर ती वाचली असती काय? आणि वाचली असती, तर तो हुडकण्याची जबाबदारी कोणाची होती?

पहिल्या प्रश्नाचे उत्तर ‘अर्थात’ असे तोंडावर फेकण्याची प्रथा आहे. आम्ही तेवढी घाई करणार नाही, कारण ‘लवकर निदान, हमखास जीवदान’ या घोषणेत एक फसगत दडलेली आहे. समजा, दोघी जावांना एकाच वेळी एकच असाध्य रोग जडला. थोरलीचा रोग तपासणीत चार वर्षे आधी सापडला, धाकटीचा लक्षणे दिसल्यावर. दोघीही एकाच महिन्यात वारल्या. तरी आकड्यांच्या वहीत थोरली ‘निदानानंतर पाच वर्षे जगली’ म्हणून यशात जमा होते आणि धाकटी अपयशात! तिला आयुष्य जास्त मिळाले नाही. रोगाची जाणीव तेवढी जास्त काळ मिळाली. दक्षिण कोरियात कंठग्रंथीच्या कर्करोगाचे असेच झाले. सोनोग्राफीची तपासणी सरसकट सुरू झाली आणि १९९३ च्या मानाने २०११ साली या रोगाचे निदान पंधरा पटींवर गेले. मृत्यूचे प्रमाण मात्र जेथल्या तेथेच राहिले. हजारो माणसांच्या गळ्यावर सुरी फिरली, ती बहुतांशी निरुपद्रवी गाठींसाठी. म्हणून निदानानंतर किती वर्षे काढली, एवढे विचारून भागत नाही. तपासणी झालेल्या लोकांत त्या रोगाने मेलेल्यांची संख्या खरोखर घटली काय, हे विचारावे लागते.

आणि या अवघड प्रश्नाचे उत्तर लंडन-न्यूयॉर्कात नव्हे, आमच्याच महाराष्ट्रात, मराठवाड्याच्या कोरड्या मुलखात मिळालेले आहे, याचा किती सुशिक्षितांना पत्ता आहे? बार्शीच्या नर्गिस दत्त स्मारक कर्करोग रुग्णालयाने, मुंबईचे टाटा स्मारक रुग्णालय आणि फ्रान्समधील ल्यों येथील आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्था यांच्या साहाय्याने, १९९९ साली तेव्हाच्या उस्मानाबाद, म्हणजे आजच्या धाराशिव जिल्ह्यात हे काम आरंभले. ३० ते ५९ वर्षे वयाच्या १,३१,७४६ निरोगी स्त्रियांचे गावांच्या बावन्न समूहांवरून चार गट करण्यात आले. एका गटाची एचपीव्ही या विषाणूसाठी चाचणी, दुसऱ्याची पेशींची तपासणी, तिसऱ्याची सौम्य अॅसेटिक आम्ल लावून नुसत्या डोळ्यांनी पाहणी. चौथ्या गटाला नेहमीचीच सेवा. निष्कर्ष २००९ साली प्रसिद्ध झाले. विषाणूची चाचणी आयुष्यात केवळ एकदा देऊ केलेल्या गटातील ३४,१२६ स्त्रियांत आठ वर्षांत या रोगाने ३४ मृत्यू झाले. चाचणी न झालेल्या ३१,४८८ स्त्रियांत ६४. एका चाचणीने मृत्यू जवळजवळ निम्म्यावर आले! येथे कसलीही हातचलाखी नाही, कारण येथे मोजली आहेत ती मरणे.

असे का घडावे, याचे कारण या रोगाच्या चालीत आहे. विषाणू शरीरात चिकटून राहिल्यापासून प्रत्यक्ष कर्करोग होईपर्यंत बहुधा दहा ते वीस वर्षे जातात. एवढा दीर्घ काळ शत्रू उंबरठ्यावर बसून असतो. या काळात मुखावरचा बिघडलेला भाग गोठवून वा जाळून काढता येतो, आणि त्यासाठी बाईला फारसे अंथरुणही धरावे लागत नाही. म्हणजे येथे रोग लवकर सापडतो एवढेच नव्हे, तर तो होण्यापूर्वीच त्याची वाट बंद होते. सर्वच रोग इतके उदार नसतात.

आम्लाच्या पाहणीचा हिशेब अधिक बोधप्रद आहे. उस्मानाबादेत ती एकदाच झाली आणि मृत्यूंत म्हणण्यासारखी घट दिसली नाही. उलट मुंबईच्या झोपडपट्ट्यांत टाटा रुग्णालयाने १९९८ पासून हीच पाहणी दर दोन वर्षांनी, वस्तीतल्याच दहावीपर्यंत शिकलेल्या स्त्रियांना चार आठवडे शिकवून त्यांच्याकडून करवली. तेव्हा बारा वर्षांत या रोगाचे मृत्यू ३१ टक्क्यांनी घटले. स्वस्त साधन चालते, पण ते पुन्हा पुन्हा वापरावे लागते. एकदा शिबिर भरवून, फीत कापून, छायाचित्र छापून आणून मोकळे होणाऱ्या पुढाऱ्यांनी हे वाक्य दोनदा वाचावे.

मुंबईतच स्तनांच्या हातांनी केलेल्या तपासणीचे वीस वर्षांचे फळ २०२१ साली जाहीर झाले. पन्नाशीपुढील स्त्रियांत मृत्यू जवळजवळ तीस टक्क्यांनी कमी. पन्नाशीच्या आत मात्र फरक नाही. केरळात तंबाखू आणि मद्य सेवन करणाऱ्यांच्या तोंडाची केवळ उजेडात पाहणी केली, तर त्यांच्यातील मुखकर्करोगाचे मृत्यू एकतृतीयांशाने उतरले. मशेरीने दात घासणाऱ्या आणि गालात तंबाखूची चिमूट धरून नांगरणाऱ्या आमच्या कोकणाला हे निराळे सांगायला हवे काय?

एक गोष्ट मात्र लपवून ठेवणे आम्हांस प्रशस्त वाटत नाही. उस्मानाबादच्या त्या चौथ्या गटातील ६४ स्त्रियांचे काय? चाचणी उपयोगी पडेल असा तर्क असताना त्यांना ती का दिली नाही, असा आक्षेप परदेशी वैद्यांनीही जोराने घेतला. संशोधकांचे म्हणणे असे की, जी सेवा देशात कोणालाच मिळत नव्हती तीच त्यांना मिळत होती. युक्तिवाद म्हणून हे खरे असेल. पण देशाची एवढी निर्भर्त्सना दुसऱ्या कोणी केली नसेल. त्या स्त्रियांच्या मरणाने जे सिद्ध झाले, त्याचा लाभ त्यांच्या लेकींना देणे एवढे तरी आपल्या हाती होते. आपण ते केले काय? २०१६ साली केंद्र सरकारने तिशीपुढील सर्वांच्या मुख, स्तन आणि गर्भाशयमुख यांच्या तपासणीचा आराखडा काढला. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत तीस ते एकोणपन्नास वर्षांच्या स्त्रियांपैकी गर्भाशयमुखाची तपासणी कधीकाळी तरी झालेल्या निघाल्या शंभरात दोनही नव्हेत, १.९ टक्के! जागतिक आरोग्य संघटनेने २०३० पर्यंत गाठायला सांगितलेला आकडा आहे सत्तर.

इकडे शहरांत काय दिसते? ज्याला काही झालेले नाही असा मध्यमवर्गीय गृहस्थ वाढदिवसाच्या सवलतीत ‘संपूर्ण शरीर तपासणी’ करून घेतो, साठ-सत्तर आकड्यांचा कागद हाती घेऊन एखाद्या ठळक अक्षरातल्या आकड्याने रात्रभर तळमळतो, आणि आणखी चार चाचण्या करतो. त्याच्याच घरी भांडी घासणाऱ्या बाईची, जिला एका चाचणीने खरोखर जीवदान मिळेल तिची, कधीच तपासणी झालेली नसते. ज्यांना नको त्यांना उदंड आणि ज्यांना हवी त्यांना शून्य, असा हा आमच्या आरोग्याचा पंक्तिप्रपंच आहे. (आमचे वाचक पहिल्या पंक्तीतले आहेत, हे आम्ही जाणून आहोत, आम्हीही त्याच पंक्तीत बसतो.)

१ जानेवारी २०१८ पासून बांबोळीच्या गोवा वैद्यकीय महाविद्यालयात परराज्यातील रुग्णांना शुल्क लागू झाले, तेव्हा सिंधुदुर्गात केवढा क्षोभ उसळला! तो रास्त होता. परंतु शेवटच्या अवस्थेत बांबोळीला जाण्याच्या हक्कासाठी रस्त्यावर येणारा जिल्हा, पहिल्या अवस्थेत आपल्याच उपकेंद्रात तपासले जाण्याच्या हक्कासाठी एकदाही रस्त्यावर आल्याचे आम्हांस स्मरत नाही. आता सिंधुदुर्गनगरीला शासकीय वैद्यकीय महाविद्यालय झालेले आहे. गावोगाव आशा आहेत, परिचारिका आहेत. विषाणूच्या चाचणीसाठी नमुना बाईला स्वतःचा स्वतः आडोशाला घेता येतो. ही रीत जागतिक आरोग्य संघटनेने २०२१ साली मान्य केली आहे. पुरुष डॉक्टरपुढे संकोच, ही सबब त्यामुळे उरत नाही. लस आली आहे हे खरे, पण तिचा खरा उपयोग मुलींना. आज पस्तिशी-चाळिशीत असलेल्या त्यांच्या आयांना तपासणीवाचून गत्यंतर नाही.

तेव्हा आमची मागणी सरळ आहे. कुडाळ तालुक्यातील पस्तीस आणि पंचेचाळीस वर्षांच्या प्रत्येक स्त्रीची नावनिशीवार यादी प्रत्येक उपकेंद्रात असावी. चाचणी करावी ती विषाणूची. लावणीच्या नि चतुर्थीच्या दिवसांत ती ठेवूच नये. कापणी आटोपून जत्रा सुरू होतात, तेव्हा बायांना जरा उसंत असते, तेव्हा ठेवावी. आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे, जिचा नमुना सदोष निघेल तिला महिनाभरात उपचार मिळालाच पाहिजे, तोही तालुक्यात किंवा सिंधुदुर्गनगरीत, आणि तिच्या त्या दिवसाच्या मजुरीची भरपाई करून. रोग सांगायचा आणि उपचाराला मुंबईची गाडी दाखवायची, यापेक्षा न सांगितलेले बरे! जिल्हा परिषदेच्या आरोग्य विभागाने दर वर्षी दोन आकडे जाहीर करावेत: किती स्त्रियांची तपासणी झाली, आणि सदोष निघालेल्यांपैकी किती जणींवर उपचार पुरा झाला. ते दोन आकडे आम्ही याच जागी, पहिल्या पानावर छापू. आणि ते आले नाहीत, तर ती जागा कोरी सोडू.