सोळाशे वर्षांपूर्वीच्या एका विद्यार्थ्याची तक्रार



आज थोड्या वेगळ्या पुस्तकाबद्दल लिहिते आहे. पुस्तकाचं नाव ‘कन्फेशन्स’, म्हणजे आपल्या भाषेत कबुली. लेखक संत ऑगस्टीन. ख्रिस्ती धर्मविचार आणि तत्त्वज्ञान यांत हा ग्रंथ फार मोठा मानला जातो. तुम्ही म्हणाल, प्राथमिक शाळेच्या बाईंना याचं काय काम? मलाही आधी तसंच वाटलं होतं. पण पहिलं प्रकरण वाचलं आणि मी गप्पच झाले. माझं म्हणणं सरळ आहे: या ग्रंथाचा निदान पहिला भाग प्रत्येक शिक्षकाने वाचावा, आणि डी.एड.च्या मुलांना तर तो वाचायला द्यावाच.

आधी थोडी ओळख करून देते. ऑगस्टीनचा जन्म इ.स. ३५४ मध्ये उत्तर आफ्रिकेतल्या थागास्ते या लहान गावात झाला. आज ते गाव अल्जीरिया देशात आहे. तेव्हा तिथे रोमन सत्ता होती. वडील पॅट्रिशियस, आई मोनिका. घरची परिस्थिती बेताचीच. शिकून तो स्वतः शिक्षक झाला. आधी कार्थेज, मग रोम आणि मिलान इथे त्याने वक्तृत्व शिकवलं. म्हणजे तो आपल्याच व्यवसायातला माणूस! ३८७ मध्ये मिलानला त्याने बाप्तिस्मा घेतला आणि पुढे हिप्पो या शहराचा तो बिशप झाला. साधारण ३९७ ते ४०० या काळात त्याने हा ग्रंथ लॅटिनमध्ये लिहिला. त्याचे तेरा भाग आहेत. पहिल्या नऊ भागांत त्याची जीवनकहाणी आहे, दहाव्यात स्मरणशक्तीचा विचार आहे, आणि शेवटच्या तीन भागांत काळ म्हणजे काय, सृष्टी कशी झाली यावर चिंतन आहे. सगळा ग्रंथ देवाशी बोलल्यासारखा लिहिला आहे.

आता शाळेकडे येऊ. ऑगस्टीन सांगतो, लहानपणी त्याने देवाला पहिल्यांदा कळकळीने काय मागितलं असेल, तर शाळेत मार बसू नये एवढंच. आणि त्याला जास्त कशाने लागलं? मोठी माणसं, अगदी आईवडीलसुद्धा, त्याच्या माराला हसायचे. त्यांच्या दृष्टीने ती गंमत होती, पोराच्या दृष्टीने ते मोठं संकट होतं.

हे वाचताना मला माझा तिसरीचा वर्ग आठवला. एक मुलगा पाढ्यांची वेळ झाली की रोज पाणी प्यायला जायचं म्हणायचा. मी त्याला कधी हात लावला नाही. पण एकदा सगळ्यांसमोर म्हणाले, “आली का रे तहान? सातचा पाढा दिसला की बरोबर लागते!” वर्ग खदखदून हसला. मीही हसले. तो मात्र खाली मान घालून उभा राहिला. पुढे आठवडाभर त्याने कशालाच हात वर केला नाही. तेव्हा मला वाटलं, आता सुधारला. तो सुधारला नव्हता, घाबरला होता.

बालकांच्या मोफत व सक्तीच्या शिक्षणाचा हक्क अधिनियम २००९, त्याच्या कलम १७ मध्ये शारीरिक शिक्षेबरोबर मानसिक त्रासालाही बंदी आहे. आपण छडी ठेवली, चांगलंच झालं. पण कलमातला दुसरा शब्द आपण किती गंभीरपणे घेतला? टोमणा, तुलना, वर्गासमोर केलेली थट्टा यांचे वळ दिसत नाहीत, म्हणून ते नसतात असं नाही. ऑगस्टीन चाळिशी ओलांडून मोठा बिशप झाला, तरी ते हसणं विसरला नव्हता.

दुसरी गोष्ट भाषेची. त्याला ग्रीक भाषा अजिबात आवडत नव्हती. होमरच्या सुंदर गोष्टीसुद्धा त्याला कडू लागायच्या, कारण शब्द कळत नव्हते आणि पाठीशी धाक उभा होता. लॅटिन मात्र तो सांभाळणाऱ्या बायांच्या लाडात, घरच्यांच्या थट्टामस्करीत आणि खेळण्यात शिकला, कुणी न दटावता. यावरून तो म्हणतो की भाषा शिकायला भीतीच्या सक्तीपेक्षा मोकळ्या कुतूहलाचं बळ जास्त असतं.

पालकहो, हे खास तुमच्यासाठी. घरात एकही इंग्रजी वाक्य बोललं जात नाही, आणि पाच वर्षांच्या लेकराला आपण विचारतो, “फीस भरतो तुझी, मग बोलत का नाहीस?” शिक्षकहो, हे आपल्यासाठीही. पोर घरून अहिराणी, वऱ्हाडी, कोरकू किंवा पावरी घेऊन येतं, आणि पहिल्याच दिवशी आपण म्हणतो, “शुद्ध बोल!” त्याची बोली ही त्याची लॅटिन आहे, मायेत शिकलेली. तिचा हात धरूनच त्याला प्रमाण मराठीकडे आणि पुढे इंग्रजीकडे नेता येईल. बोलीच तोडली तर पोर बोलणंच बंद करतं.

तिसरी गोष्ट वाचून तर मला आपली शिक्षकांची खोलीच दिसली. चेंडू खेळतो म्हणून ऑगस्टीन मार खायचा. पण त्याला मारणारे गुरुजी एखाद्या क्षुल्लक वादात दुसऱ्या शिक्षकाकडून हरले, तर चेंडूच्या खेळात हरलेल्या पोरापेक्षा जास्त जळफळायचे! मोठ्यांच्या खेळाला कामधंदा म्हणतात आणि मुलांच्या खेळाला शिक्षा होते, असा त्याचा रोख आहे. आपलं वेगळं काय आहे? आपण तासनतास मोबाईल बघायचा आणि मुलाला म्हणायचं, “खेळणं बंद, अभ्यास कर.”

पण गैरसमज नको. ऑगस्टीन मुलांना मोकाट सोडा असं म्हणत नाही. सक्तीने का होईना, लिहा-वाचायला शिकलो ते उपयोगी पडलं, हे तो मान्य करतो. सोळाव्या वर्षी वडिलांकडे पुढच्या शिक्षणाचे पैसे नव्हते म्हणून तो घरी रिकामा बसला होता, तेव्हाचा पेरूसारख्या दिसणाऱ्या नाशपातींच्या चोरीचा किस्साही तो लपवत नाही. भूक नव्हती, घरी त्याहून चांगली फळं होती. तरी पोरांच्या टोळक्याने झाड ओरबाडलं आणि फळं डुकरांपुढे टाकली. एकटा असतो तर केलं नसतं, असं तो म्हणतो. सातवी-आठवीच्या मुलांचे पालक हे वाचून नक्की मान डोलावतील.

काही ठिकाणी माझं त्याच्याशी पटत नाही. दूधपित्या बाळाच्या हेव्यातसुद्धा तो पाप शोधतो. मला त्या रडण्यात पाप दिसत नाही, गरज दिसते. कुणी म्हणेल, हा तर धर्माचा ग्रंथ, आपण कशाला वाचायचा? माझं उत्तर असं की वाचायला धर्म बदलावा लागत नाही आणि सगळं पटावंही लागत नाही. आपण मुलांना विचार करून वाचा म्हणतो ना? मग आपणही तसंच वाचूया. ग्रंथ अवघड वाटला तर पहिला आणि दुसरा भाग तेवढा वाचा. मी इंग्रजी भाषांतर शब्दकोश शेजारी ठेवून वाचलं, रोज दोन-तीन पानं.

शेवटी त्याच्या आणखी एका लहान पुस्तकाबद्दल सांगते. साधारण ४०० सालच्या सुमारास कार्थेजच्या एका सेवकाने त्याला कळवलं होतं की नवख्यांना तेच तेच शिकवून कंटाळा येतो. ऑगस्टीनने सुंदर उपाय सुचवला. आपल्या गावातल्या जागा आपण रोज बघतो, काही वाटत नाही. पण पहिल्यांदाच आलेल्या मित्राला त्याच दाखवताना आपल्यालाही पुन्हा आनंद होतो. शिकवणं तसं असावं. आणि ऐकणारा दमलेला दिसला तर त्याला बसायला द्या, काही हसरं बोला, असंही तो सांगतो.

पाढ्यांच्या त्या मुलाला मी नंतर जवळ बसवलं आणि सांगितलं, “त्या दिवशी बाई चुकल्या.” मग चिंचोक्यांचे सात-सातचे ढीग करून आम्ही दोघांनी मिळून सातचा पाढा केला. पाढा लगेच पाठ झाला असं नाही. पण पाणी प्यायला जाणं कमी झालं.

या आठवड्यात एवढंच करून बघा: आपल्या वर्गात, आपल्या घरात मूल कशाला घाबरतं, आणि तेव्हा आपण हसतो का, हे पाहा.