गोष्ट स्वतःविषयीं बोलते तेव्हां

कांहीं गोष्टी आपल्यापुढें राजाराणी उभीं करितात आणि आपण स्वतः पडद्याआड राहतात. दुसऱ्या कांहीं मध्येंच थांबून ऐकणाराला जागें करितात कीं, ही एक गोष्ट आहे, ती कोणी तरी सांगत आहे आणि तूं ऐकत आहेस. यास आपण आत्मोल्लेख म्हणूं. हा आत्मोल्लेख मोजतां येईल काय, असा प्रश्न एकदां माझ्या मनांत आला आणि त्यासाठीं मीं एक माप तयार केलें. त्या मापानें मला जो धडा शिकविला, तो विद्यार्थ्यांच्या व पालकांच्याही उपयोगीं पडेल, असें वाटल्यावरून ती हकीगत येथें देत आहें.

माप सोपें होतें. गोष्टींतील शंभर वाक्यें घ्यावीं. त्यांपैकीं जितक्या वाक्यांत गोष्ट स्वतःचा, आपल्या सांगणाराचा, ऐकणाराचा किंवा लिहिण्याचा उल्लेख करील, तितका तिचा ‘आत्मोल्लेखांक’ समजावा. वाङ्मय मोजूं पाहणें यांत हंसण्यासारखें कांहीं नाहीं. मेंडेनहॉल नांवाच्या अमेरिकन पदार्थविज्ञानवेत्त्यानें शब्दांची लांबी मोजून लेखक ओळखतां येईल काय, याचा विचार १८८७ सालींच मांडला होता. आणि आज तर असली मोजदाद संगणक क्षणार्धांत करितो.

प्रथम सर्व्हांटेसचा ‘डॉन क्विक्झोट’ घेऊं. त्याचा पहिला भाग १६०५ सालीं निघाला. १६१४ सालीं आव्हेयानेडा हें नांव धारण करणाऱ्या कोणीं एका लेखकानें त्याचा दुसरा भाग परस्पर छापून टाकला. पुढच्याच वर्षीं सर्व्हांटेसनें आपला खरा दुसरा भाग प्रसिद्ध केला. त्यांत नायकाला कळतें कीं, आपले पराक्रम छापून झाले आहेत. वाटेंत भेटणाऱ्या माणसांनीं तें पुस्तक वाचलेलेंही असतें! बनावट पुस्तकांत आपल्याला सारागोसा नगरीस नेलें आहे, हें ऐकतांच तो तिकडे जाण्याचा बेत रद्द करून बार्सिलोनाची वाट धरितो. अशा पानांवर माझ्या मापाचा अंक चढतो, आणि तें योग्यच आहे. परंतु त्या अंकामागें, आपला मानसपुत्र दुसऱ्यानें पळवून नेल्याचें एका वृद्ध लेखकाचें दुःख आहे, हें माप सांगत नाहीं.

महाभारतापाशीं तर मापाची पुरतीच फजिती होते. ‘वैशंपायन म्हणाले’ हे शब्द तेथें पदोपदीं येतात. कोण बोलत आहे एवढेंच ते सांगतात. तरी प्रत्येक वेळीं अंक एकानें वाढतो. खरा आत्मोल्लेख निराळाच आहे. पिता परीक्षित याच्या मृत्यूचा सूड घेण्यासाठीं जनमेजयानें सर्पसत्र मांडलें आहे. त्याच सत्राच्या मधल्या अवकाशांत त्याला त्याच्याच पूर्वजांची कथा ऐकविली जाते, आणि वैरानें एक कुळ कसें जळून गेलें, हें तो ऐकतो. ज्यांनीं ती कथा रचिली, ते व्यास स्वतः तेथें बसलेले आहेत. आणि कथेंतील वीर त्यांचेच नातू आहेत! ‘राजा, ही तुझीच गोष्ट आहे’ असें दर क्षणीं म्हणावें लागत नाहीं. जेथें कथा श्रोत्याला सर्वांत खोल भिडते, तेथें माझें माप शून्य दाखवितें.

एवढें कळल्यावर मीं थांबावयास हवें होतें. पण माप करणाराला आपलें माप फार प्रिय असतें. बऱ्याच वर्षांपूर्वीं मीं एका वर्गाला तें शिकविलें आणि प्रत्येकाला एक गोष्ट लिहावयास सांगितली. मुलें हुशार, गुरुजींना काय आवडतें तें त्यांनीं तात्काळ ओळखलें. ‘वाचकहो, ही माझी गोष्ट’ या शब्दांनीं वह्याच्या वह्या भरून गेल्या. एका मुलानें मात्र घरची एक साधी हकीगत लिहिली होती. तिचा अंक सर्वांत कमी भरला. कमी अंकाचा नमुना म्हणून मीं ती वर्गांत मोठ्यानें वाचूं लागलों. शेवटच्या वाक्याशीं आलों आणि माझा आवाज अडला. तें वाक्य असें होतें: ‘गुरुजी, ही गोष्ट वर्गांत वाचूं नये.’

तें वाक्य मीं आदल्या रात्रींच पाहिलें होतें. त्याच्यापुढें तांबड्या शाईनें ‘१’ असा आंकडाही मांडला होता. मीं तें मोजलें. ऐकलें मात्र नाहीं.

त्या मुलाची मीं वर्गासमक्ष क्षमा मागितली. त्यानें ती उदारपणें केली, हा त्याचा मोठेपणा. त्या गोष्टींत काय होतें तें येथेंही सांगत नाहीं. त्या वाक्याची आज्ञा मला अजून पाळावयाची आहे.

विद्यार्थिमित्रांनो, मोजण्याची विद्या टाकूं नका. कोठें पाहावें हें माप चांगलें दाखवितें. परंतु तेथें जाऊन ऐकण्याचें काम त्याच्यानें होत नाहीं. तें आपणच केलें पाहिजे. आणि पालकहो, मुलाची वही हातीं आली कीं आपली दृष्टि प्रथम तांबड्या आंकड्याकडे जाते. मीही पालक आहें, मला हें ठाऊक आहे. तो आंकडा अवश्य पाहावा. पण तो ज्या वाक्यापुढें मांडला आहे, तें वाक्य आधीं वाचावें. कदाचित् तें आपल्यालाच उद्देशून लिहिलेलें असेल.