नाव पडद्यावर, सही कुणाची?

गेल्या महिन्यात गटाच्या बैठकीला एक मैत्रीण वर्तमानपत्राची पुरवणी घेऊन आली. एक अभिनेत्री आता निर्माती-दिग्दर्शिका होणार, अशी बातमी होती. मथळा होता ‘नवी इनिंग’. तिची साडी कोणती, नवऱ्याने ‘प्रोत्साहन’ कसं दिलं, हे सगळं होतं. पैसा कसा उभा केला, हीच गोष्ट का सांगावीशी वाटली, हे मात्र कुणी विचारलंच नव्हतं. नट निर्माता झाला की त्याने धंदा वाढवला म्हणतात. बाई झाली की तिची हौस!

मला वाटतं, चळवळीतल्या आपणही या बदलाकडे पुरेशा गांभीर्याने पाहत नाही. पडद्यावर बाई कशी दाखवतात यावर आपण खूप बोललो, आणि ते गरजेचंच होतं. पण सिनेमा हाही एक कारखाना आहे. तिथे बायका राबतात. मग मालकी कुणाची, हिशोब कुणाच्या हातात, हे प्रश्न तिथेही येतात.

हंसा वाडकरांचं ‘सांगत्ये ऐका’ हे आत्मकथन १९७० साली आलं. आपल्यापैकी अनेकींनी ते वाचलंय. त्यावर आधारलेला श्याम बेनेगलांचा ‘भूमिका’ (१९७७) पाहिलाय. कोवळ्या वयात कॅमेऱ्यासमोर उभी राहिलेली ही मुलगी घर पोसत होती. लग्नानंतर काम थांबवावं असं तिला वाटलं, तर तिची कमाई घराला हवी होती. नाव तिचं, कष्ट तिचे, निर्णय दुसऱ्यांचे. कमावती बाई म्हणजे स्वतंत्र बाई, हे समीकरण किती फसवं आहे हे या पुस्तकाने दाखवलं.

म्हणूनच करारावर स्वतः सही करणारी अभिनेत्री मला महत्त्वाची वाटते. ही वाटही आजची नाही. मूकपटांच्या काळात अभिनेत्री म्हणून आलेल्या फात्मा बेगम यांनी मुंबईत स्वतःची कंपनी काढली आणि १९२६ साली ‘बुलबुल-ए-परिस्तान’ दिग्दर्शित केला. भारतातल्या पहिल्या स्त्री दिग्दर्शक त्या मानल्या जातात. शोभना समर्थांनी १९५० साली ‘हमारी बेटी’ काढला. निर्मिती आणि दिग्दर्शन त्यांचंच, आणि मुलगी नूतन नायिका. पुढे याच मायलेकींचा पैशांवरून वाद झाला, तो कोर्टापर्यंत गेला. बाईच्या हाती हिशोब आला म्हणजे दुसऱ्या बाईला न्याय मिळेलच असं नाही, हेही इथून शिकावं.

नायक पन्नाशीतही नायकच राहतो. नायिका पस्तिशीत वहिनी होते, चाळिशीत आई. मग कामं आटतात. अशा वेळी निर्मितीत उतरणं हा काही जणींसाठी टिकून राहण्याचाही मार्ग असतो. त्यात कमीपणा कसला? गिरणी बंद पडल्यावर खानावळ चालवणाऱ्या बाईला आपण हौशी म्हणत नाही.

आपल्याकडचं ठळक नाव स्मिता तळवलकरांचं. दूरदर्शनवर बातम्या देणाऱ्या, अभिनय करणाऱ्या स्मिताताई १९८९ साली ‘कळत नकळत’च्या निर्मात्या झाल्या. त्या चित्रपटाला उत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मग ‘चौकट राजा’ आला. ‘सवत माझी लाडकी’ त्यांनी स्वतः दिग्दर्शित केला. २०१४ साली त्या गेल्या, तोवर त्यांनी कितीतरी कलाकारांना, तंत्रज्ञांना काम दिलं होतं.

‘सवत माझी लाडकी’ आम्ही वस्तीतल्या मंडळात कॅसेट लावून पाहिला होता. नवऱ्याचं मन दुसरीकडे गेल्यावर बायको रडत न बसता डाव मांडते, यावर सगळ्या पोट धरून हसल्या. नंतर चर्चेत धुणीभांडी करणारी एक मावशी म्हणाली, “चुकला तो, आणि डोकं चालवायचं हिनेच?” मला त्यावर उत्तर सुचलं नाही. दिग्दर्शक बाई असली तरी गोष्ट घर सावरणाऱ्या बाईचीच राहू शकते. तरी एक खरं, त्या हशात बायको केविलवाणी नव्हती. एवढा फरकही कुणीतरी करावा लागतो.

माझा खरा आग्रह पुढचा आहे. खुर्ची मिळालेल्या बाईने दार उघडं ठेवलं का? मुंबईच्या चित्रपटसृष्टीत कित्येक वर्षं बायकांना मेकअपचं काम करायला संघटनेचं कार्ड मिळत नव्हतं. बाईने फक्त केस करायचे, चेहरा रंगवायचा पुरुषाने! चारू खुराणा आणि त्यांच्या सोबतिणी सर्वोच्च न्यायालयात गेल्या, तेव्हा नोव्हेंबर २०१४ मध्ये ही बंदी बेकायदा ठरली. त्याआधीही निर्मात्या झालेल्या अभिनेत्री होत्याच की! त्यांच्याही सेटवर हा नियम कुणाला खुपला नसेल का?

याउलट एक उदाहरण दक्षिणेतलं. अभिनेत्री रेवतीने २००२ साली पहिला चित्रपट केला, ‘मित्र, माय फ्रेंड’. अमेरिकेत संसार करणाऱ्या, एकट्या पडलेल्या आईची ती गोष्ट. पडद्यामागचं तांत्रिक कामही तिने बायकांकडे सोपवलं. २०१७ साली केरळमध्ये एका अभिनेत्रीवर हल्ला झाल्यावर चित्रपटातल्या स्त्रियांनी संघटना बांधली, तिच्यातही रेवती पुढे होती. त्यांनी रेटा लावला म्हणून हेमा समिती नेमली गेली. समितीने २०१९ साली दिलेला अहवाल लोकांसमोर यायला ऑगस्ट २०२४ उजाडला. लैंगिक छळाबरोबरच सेटवर बायकांना साधी मुतारी, कपडे बदलायला आडोसा नसतो, हेही त्यात आहे. शेतात, बांधकामावर राबणाऱ्या आपल्या मैत्रिणींना हे ऐकून नवल वाटणार नाही.

गावात बाई सरपंच झाली, तेव्हा आपण नुसते पेढे वाटले नाहीत. कारभार ती करते की तिचा नवरा, हे विचारलं. अभिनेत्री निर्माती झाली की तेच विचारूया. चेकवर सही तुझी आहे ना? तुझ्या सेटवर किती बायका आहेत, कोणत्या कामावर? छळाची तक्रार ऐकणारी समिती आहे का? मुतारी आहे का?

आणि पुढच्या वेळी अशी पुरवणी हाती आली, तर साडीचं वर्णन सोडून हे प्रश्न संपादकांनाही लिहून पाठवूया. आमच्या गटाने पहिलं पत्र टाकलंय.