आधी ओढा मोकळा करा

शाळेत भूगोलाच्या तासाला देशातल्या नद्या आपण सगळ्यांनीच पाठ केल्या. नर्मदा, तापी पश्चिमेला जातात. गोदावरी, कृष्णा पूर्वेला. त्या धड्यात 'जलप्रणाली' असा एक भारदस्त शब्द होता. साध्या भाषेत सांगायचे तर पाणी निघून जायची वाट. नकाशावरची निळी रेघ हा त्या वाटेचा शेवटचा भाग. वाट सुरू होते ती आपल्या रानातल्या सरीच्या तोंडाशी. सरीतून चारी, चारीतून ओघळ, मग ओढा, मग वारणा नाहीतर पंचगंगा आणि शेवटी कृष्णा. यातला मधला ओढाच आपण नांगरून टाकला आणि आता वरून विचारतो, रान चोपण का झाले?

आपल्या कृष्णाकाठाची अडचण मुळातच मोठी आहे. कृष्णा महाबळेश्वरला सुमारे १,३०० मीटर उंचीवर उगम पावते. तिथून अरबी समुद्र अवघ्या ६५ किलोमीटरच्या आसपास, पण सह्याद्रीने पाठ फिरवल्यामुळे ती जवळपास १,४०० किलोमीटर चालून बंगालच्या उपसागराला मिळते. सांगली सुमारे साडेपाचशे मीटर उंचीवर. म्हणजे निम्म्याहून जास्त उतार सांगली येईपर्यंतच संपला. पुढे हजारावर किलोमीटर जायचे आणि सरासरी उतार किलोमीटरला अर्धा मीटर! बरे, याच पट्ट्यात कराडला कोयना, हरिपूरला वारणा आणि नरसोबाच्या वाडीला पंचगंगा येऊन मिळते. पाणी येते धावत, जाते रांगत. २००५, २०१९ आणि २०२१ चे पूर आपण भोगले. २०१९ ला सांगलीच्या आयर्विन पुलाखाली पाणी ५७ फुटांच्या वर गेले. धोक्याची पातळी आहे ४५.

पूर म्हटला की अलमट्टीचा वाद निघतो. तो सरकारांनी आणि तज्ज्ञांनी निस्तरावा. पण नदी पात्रात परतल्यावरही ज्या रानात पंधरा-पंधरा दिवस पाणी उभे राहिले, तिथे अलमट्टीला कशाला बोल लावायचा? तिथे जवळचा ओढा बघा. कुणी त्यात ऊस लावलाय, कुणी भराव टाकून रस्ता केलाय, रस्त्याखाली एक नळा, तोही गाळाने भरलेला. उरलेल्या जागेत पानकणीस माजलेले.

उभे पाणी दिसते तरी. न दिसणारे पाणी जास्त घात करते. ऊस म्हटले की पाट सोडून झोपायचे, ही आपली जुनी खोड. काळी जमीन पाणी धरते, खाली सोडत नाही. भूजल वर येते, उन्हाने वरचे पाणी उडते आणि क्षार मागे राहतात. पांढरा थर दिसला की क्षारपड. भिजल्यावर चिकट आणि वाळल्यावर दगड झाली की चोपण. हे काही आजचे दुखणे नव्हे. १८८५ च्या सुमारास नीरा डावा कालवा सुरू झाला आणि काही दशकांतच तिथली बागायती राने पाणथळ झाली. ब्रिटिश अमदानीतल्या इंजिनिअरांना चर खोदायला लागावे लागले. पाणी आणायचे तेव्हा ते बाहेर काढायचीही सोय करायची, हे त्या वेळीच कळले होते.

दुकानदार जिप्समची पोती घ्यायला सांगतो. जिप्सम लागते ते चोपणाला, नुसत्या क्षारपड रानाला नाही. म्हणून आधी माती तपासून घ्या. आणि निचरा नसेल तर चोपणातही ते वाया. सुटलेले क्षार जाणार कुठे? ढेंचा, ताग गाडावा, तो चांगलाच, पण तोही निचऱ्यानंतर.

आता सच्छिद्र पाइपांच्या योजनांकडे लोक वळलेत. साधारण तीन-चार फूट खोल पाइप घालायचे, अंतर जमिनीप्रमाणे ठेवायचे. शिरोळ भागात गटाने एकत्र येऊन पडीक राने पुन्हा उसाखाली आणली, ती जरूर बघून या. कसबे डिग्रजचे कृषी संशोधन केंद्र जवळच आहे, तिथे विचारा. पण एकट्याने पाइप घालून भागत नाही. पाइपातले पाणी ओढ्यातच सोडायचे, आणि ओढाच पाइपापेक्षा उंच झाला असेल तर? खर्च गेला मातीत, शब्दशः.

म्हणून गावकारभाऱ्यांना सांगणे आहे. तलाठी भाऊसाहेब आता ग्राम महसूल अधिकारी झाले, ग्रामसेवक ग्रामपंचायत अधिकारी झाले. पाट्या बदलल्या, गावनकाशा तोच आहे. तो ग्रामसभेत उघडा आणि ओढ्याची रेघ जागेवर जाऊन ताडून बघा. 'माझ्या वडिलांनी विकत घेतलंय' असे म्हणणारा भेटेलच. त्याला महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ चे कलम २० दाखवा: नदी-नाल्यांचे पात्र सरकारच्या मालकीचे, अपवाद फक्त ज्याचा हक्क कायद्याने शाबित आहे त्याचा. वरच्या रानाचे नैसर्गिक पाणी खालच्याने बांध घालून अडवले, तर मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ च्या कलम ५ खाली तहसीलदारांकडे दाद मागता येते. मात्र अडथळा झाल्यापासून सहा महिन्यांच्या आत. भाऊबंदकीत चार वर्षे तोंड न बघता काढली, तर ही वाट बंद होते. त्याआधी दोघांनी बांधावर बसून मिटवले तर उत्तमच.

काम मे अखेरपर्यंत उरकायला हवे. खोदाई खालच्या टोकाकडून, म्हणजे नदीकडून वर करत या. वरून सुरुवात केली तर पहिल्याच वळवाला सगळे पाणी खालच्या शेजाऱ्याच्या रानात. काढलेला गाळ काठावर ढीग मारून ठेवू नका, मृगात तो परत आत येतो. आणि मशीन आणण्याआधी रस्त्याखालचे नळे मोजा. ओढा दहा फूट आणि नळा दोन फुटी असेल, तर आधी नळ्याचा ठराव घ्या.