अर्थ विचारण्याआधी



बडा ख्याल रंगतो तेव्हा बंदिशीचे शब्द केव्हाच मागे पडलेले असतात. आकारातली आलापी अर्धा-पाऊण तास चालते आणि सभागृहात कुणीही ‘याचा अर्थ काय?’ असं विचारत नाही. तोच रसिक जहांगीर आर्ट गॅलरीत अमूर्त चित्रापुढे उभा राहिला की पहिल्यांदा विचारतो, ‘हे आहे तरी काय?’ यंदाचा दिवाळी अंक सूर आणि अमूर्त चित्रकलेवर काढावासा वाटला, तो या प्रश्नामुळे.

चित्रकारांनी मात्र संगीताकडून हे शिकून घेतलं. २ जानेवारी १९११ रोजी म्युनिकमध्ये चित्रकार वासिली कँडिन्स्कीनं संगीतकार आर्नोल्ड शोनबर्गचं संगीत ऐकलं आणि लगेच ‘इम्प्रेशन ३ (कॉन्सर्ट)’ रंगवलं. पियानोचा काळा आकार आणि त्याला वेढून उसळणारा पिवळा. पुढं शोनबर्गला पत्र लिहून त्यानं कळवलं, की तुमच्या रचनांत प्रत्येक स्वररेषा स्वतंत्रपणे जगते. मला चित्रात तेच हवं आहे.

संगीत आणि चित्रकलेचा असा शेजार आपल्याकडेही होता. मुंबईत वॉर्डन रोडवरच्या भुलाभाई देसाई मेमोरियल इन्स्टिट्यूटमध्ये चित्रकारांचे स्टुडिओ होते, नाटकांच्या तालमी होत आणि रविशंकरांची ‘किन्नर’ संगीतशाळाही तिथंच होती. गिरगावात वाढलेले अमूर्त चित्रकार वासुदेव गायतोंडे तिथं काम करत. रोलरनं रंग पसरायचा, पॅलेट नाइफनं खरवडायचा, पुन्हा थर द्यायचा. वर्षाकाठी मोजकीच चित्रं होत. त्यांच्या कॅनव्हासवर बहुधा एकच रंग असतो आणि ख्यालात स्वरांची होते तशी त्याची संथ बढत होत जाते.

सूर आणि रंग यांचं नातं मला या बढतीत दिसतं. अमका स्वर म्हणजे तमका रंग, असे तक्ते मांडून ते हाती लागत नाही. गवय्या गंधारावर थांबतो, तेव्हा त्या थांबण्यानंच गंधार उलगडतो. गायतोंडे यांचा रंगही पाहणाऱ्याला असंच थांबायला लावतो. आपण मात्र चित्राला अर्धं मिनिट देतो आणि कळलं नाही म्हणून पुढं सरकतो.

मराठी माणसाचा कान पिढ्यान्‌पिढ्या मैफलींत तयार झाला आहे. अमूर्ताचा आनंद घ्यायची तालीम त्याला मिळालेलीच आहे; डोळ्यांनाही तेवढा वेळ द्यायला हवा. या अंकातल्या चित्रांपाशी रेंगाळा, मुलांना सोबत बसवा आणि अर्थ विचारायची घाई करू नका.



– संपादक