पत्रे त्यांची, जमीन आमची!

जमिनीचे राजकारण समजून घ्यायचे असेल तर कायद्याच्या पुस्तकाबरोबर खासगी पत्रेही वाचली पाहिजेत. कायदा चारचौघांत वाचून दाखवायचा असतो, म्हणून त्याची भाषा न्यायाची असते. पत्र मात्र आपल्या विश्वासातल्या माणसाला लिहिलेले असते. त्यात मनातला हिशेब उघडा पडतो.

अमेरिकेचेच उदाहरण घेऊ. १७६३ साली इंग्लंडच्या राजाने जाहीरनामा काढला की, डोंगररांगांच्या पश्चिमेकडील जमीन तिथल्या मूळ जमातींची आहे, गोऱ्या वसाहतवाल्यांनी ती घेऊ नये. चारच वर्षांनी, सप्टेंबर १७६७ मध्ये, जॉर्ज वॉशिंग्टन यांनी विल्यम क्रॉफर्ड या मोजणीदाराला खासगी पत्र लिहिले. हा जाहीरनामा म्हणजे त्या जमातींना गप्प ठेवण्याची तात्पुरती तोड आहे. आता जो चांगली जमीन हेरून ठेवणार नाही त्याला पुन्हा संधी मिळणार नाही. तेव्हा शिकारीच्या निमित्ताने फिर, जमीन पाहून ठेव आणि बोभाटा करू नकोस, असा त्या पत्राचा आशय आहे. हे गृहस्थ पुढे अमेरिकेचे पहिले राष्ट्राध्यक्ष झाले.

तिसरे राष्ट्राध्यक्ष थॉमस जेफरसन. सर्व माणसे समान आहेत हे जगाला ऐकवणाऱ्या जाहीरनाम्याचे लेखक. २७ फेब्रुवारी १८०३ रोजी त्यांनी इंडियाना प्रांताचे गव्हर्नर हॅरिसन यांना लिहिले की, सरकारी व्यापारी ठाणी वाढवा, जमातींतील वजनदार माणसे कर्जात बुडाली तर आपल्याला आनंदच आहे, कारण कर्ज फेडता आले नाही की ते जमीन देऊन मोकळे होतील. हे पत्र खासगी आहे, यातले काही त्या लोकांच्या कानावर जाऊ नये, अशी ताकीदही त्यात आहे. समतेची घोषणा जाहीर, आणि कर्जाचा फास खासगी!

आपल्या वाचकांना अमेरिकेची आठवण वेगळ्या कारणाने आहे. सातारा जिल्ह्यातील खटाव तालुक्यातील कटगुण हे ज्यांच्या घराण्याचे मूळ गाव, त्या महात्मा जोतीराव फुल्यांनी १८७३ साली ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ अमेरिकेतील सज्जनांना अर्पण केला, कारण त्यांनी काळ्या गुलामांच्या मुक्तीसाठी झीज सोसली होती. ते योग्यच होते. पण ज्या देशात गुलाम मुक्त करणारे निपजले, त्याच देशात मूळ रहिवाशांची जमीन कर्जाने, तहाने आणि सहीने खाणारेही निपजले. शोषण करणाऱ्याचा देश बदलतो, धर्म बदलतो. रीत मात्र बदलत नाही.

आता आपल्या कृष्णाकाठी या. जेफरसन राष्ट्राध्यक्ष होत होते त्याच सुमारास मिरजेच्या पटवर्धन घराण्यात गंगाधरराव आणि पुतणे चिंतामणराव यांच्यात दौलतीच्या वाटणीचा तंटा पेटला होता. चुलत्या-पुतण्याच्या त्या भांडणातून वेगळे संस्थान झाले आणि सांगली हे त्याचे ठिकाण बनले. आज आपण ज्याला सांगली म्हणतो त्या राजधानीचा उगमच मुळी जमिनीच्या तंट्यात आहे. या घराण्याचा पत्रव्यवहार मिरजेचे शिक्षक वासुदेवशास्त्री खरे यांनी ‘ऐतिहासिक लेखसंग्रहा’च्या खंडांतून छापला. तिकडे वाईला सापडलेल्या कागदांतून वि. का. राजवाडे यांनी १८९८ साली ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ याचा पहिला खंड काढला. सरंजाम कुणाचा, गाव कुणाकडे, स्वारीचा खर्च कुणी सोसायचा, याची ही पत्रे. सातारच्या प्रतापसिंह महाराजांना इंग्रजांनी १८३९ साली पदच्युत केले, तेव्हा त्यांचे वकील रंगो बापूजी यांनी तब्बल चौदा वर्षे लंडनला राहून अर्ज-विनंत्या केल्या. तेही कागद इतिहासजमा आहेत.

या संशोधकांच्या कष्टांविषयी आमच्या मनात आकस नाही. कागद जपले म्हणून तर आज वाचता येतात. पण आंबेडकरी वाचकाने एक प्रश्न विचारलाच पाहिजे. या हजारो पत्रांत आपला माणूस कुठे आहे?

तो आहे. पण पत्र लिहिणारा म्हणून नाही, पत्र पोचवणारा म्हणून आहे. गावचा कागद पुढच्या गावाला नेणारा, वसुलाच्या रकमेबरोबर तालुक्याला चालत जाणारा, पाटलाच्या सांगाव्यावर रात्री-अपरात्री धावणारा महार होता. आणि याहून मोठी गोष्ट अशी की, दोन गावांत शिवेचा तंटा लागला तर शीव कुठून कुठे जाते हे सांगणारा महत्त्वाचा साक्षीदार महारच असे. शीव त्याने पायाखाली घातलेली असे. म्हणजे दुसऱ्यांच्या जमिनीचा पुरावा आपला बाप होता! त्याच्या शब्दावर गावांच्या हद्दी ठरत. त्याच्या स्वतःच्या जमिनीचा कागद मात्र कुलकर्ण्याच्या दप्तरात, कुलकर्ण्याच्या हस्ताक्षरात. अक्षराची बंदी ही केवळ ज्ञानाची बंदी नव्हती. ती जमिनीचीही बंदी होती, हे आपण अजून पुरेसे समजून घेतलेले नाही.

महार वतनाची जमीन म्हणजे काय होते? गावाच्या आणि सरकारच्या चोवीस तासांच्या वेठीचा मोबदला. १८७४ च्या वंशपरंपरागत हुद्द्यांच्या कायद्याने ही वेठ इंग्रजांनी पक्की केली. त्या कायद्याप्रमाणे सरकारच्या परवानगीशिवाय वतनदाराला आपल्या हयातीपलीकडे वतनाबाहेरच्या माणसाला जमीन देता येत नव्हती. वरवर पाहता हे संरक्षण होते. पण अडीनडीला पोटासाठी तोंडी बोलीवर जमीन दुसऱ्याला कसायला द्यायची, आणि पुढे कसणाराच मालकासारखा वागू लागायचा, ही वाट या कायद्याने बंद केली नाही. जेफरसनने पत्रात लिहिलेली कर्जाची युक्ती आपल्याकडे कुणी लिहून ठेवण्याचीसुद्धा गरज नव्हती. ती गावच्या चावडीत सर्वांना तोंडपाठ होती.

बाबासाहेबांनी हे दुखणे अचूक ओळखले. १९२७ साली ‘बहिष्कृत भारता’तून त्यांनी महार वतनावर लिहिले आणि १९ मार्च १९२८ रोजी मुंबई कायदेमंडळात वतन कायद्यात दुरुस्तीचे विधेयक मांडले. वेठ नको, जमिनीवर पूर्ण आकार भरू, पण जमीन आमच्या हक्काची करा आणि बलुत्याच्या जागी रोख मोबदला द्या, हा त्या मागणीचा गाभा. शेजारच्या कोल्हापुरात राजर्षी शाहू महाराजांनी १९१८ सालीच महार वतन रद्द करून जमिनी रयताव्याने त्यांच्या नावे करण्याचे पाऊल उचलले होते. एका संस्थानिकाला जे जमले ते इंग्रज सरकारला आणि कायदेमंडळातल्या पुढाऱ्यांना जमले नाही. बाबासाहेबांना विधेयक मागे घ्यावे लागले. पुढे १९३९ साली हरेगावला वतनदारांची परिषद झाली, वतन जमिनीवरील जुडीच्या वाढीविरुद्ध आवाज उठला. अखेर मुंबई कनिष्ठ गावकामगार वतने नाहीशी करणारा कायदा झाला तो १९५८ साली आणि अमलात आला १ ऑगस्ट १९५९ रोजी. तो पाहायला बाबासाहेब राहिले नव्हते.

या कायद्याने वेठ गेली. आकाराच्या तिप्पट कब्जेहक्काची रक्कम भरली की जमीन मूळ वतनदाराला फेरप्रदान होणार होती, आणि जिल्हाधिकाऱ्याच्या परवानगीशिवाय ती विकता येणार नव्हती. पण रक्कम भरायची मुदत होती, अर्ज करायचा होता, पावती जपायची होती. म्हणजे पुन्हा कागद! ज्यांना पिढ्यान्‌पिढ्या कागदापासून लांब ठेवले त्यांना सांगितले गेले की, कागद आणा आणि जमीन घ्या. कुणी मुंबईच्या गिरणीत, कुणी गोदीत, कुणी पलटणीत. गावी राहिलेल्या म्हाताऱ्या आईला तलाठ्याची नोटीस कोण वाचून दाखवणार? ज्यांची रक्कम भरायची राहिली, त्यांची जमीन सरकारजमा झाली. ज्यांनी भरली, त्यांच्यातही अनेकांच्या जमिनीत दुसऱ्याची वहिवाट उभी राहिली.

कृष्णा-कोयनेच्या काठी पाणी आले, ऊस आला, रस्ते रुंद झाले. कालपर्यंत ज्या तुकड्याकडे कुणी पाहत नव्हते, त्याला आज गुंठ्याचा भाव आला. आता दलाल घरी येतो, गोड बोलतो, हातउसने पैसे देतो, दवाखान्याचे बिल भागवतो आणि मग कुलमुखत्यारपत्र पुढे करतो. नोव्हेंबर २०२५ मध्ये पुण्यातील मुंढव्याच्या सुमारे ४० एकर महार वतन जमिनीच्या ३०० कोटींच्या व्यवहाराने राज्यात वादळ उठले. जमीन सरकारच्या नावावर, वतनदारांच्या वारसांची कुलमुखत्यारपत्रे गोळा केलेली आणि विक्री तिसऱ्यालाच! गुन्हे दाखल झाले, चौकशी लागली, व्यवहार रद्द झाल्याचे जाहीर करावे लागले. पुण्यातली जमीन कोट्यवधींची, म्हणून तिची बातमी झाली. सातारा-सांगलीच्या खेड्यातला तीस गुंठ्यांचा तुकडा गेला तर त्याची बातमी कोण करणार?

इथे अमेरिकेतील चेरोकी जमातीची हकीकत सांगितली पाहिजे. १८२१ च्या सुमारास सिक्वोया नावाच्या त्यांच्यातल्याच माणसाने त्यांच्या भाषेची लिपी तयार केली. १८२८ साली त्यांनी स्वतःचे वर्तमानपत्र काढले. अर्ज केले, वॉशिंग्टनला शिष्टमंडळे पाठवली, सर्वोच्च न्यायालयात गेले. तरीही १८३५ साली मूठभर लोकांनी, जमातीच्या बहुमताला डावलून, जमीन सोडून देण्याच्या करारावर सह्या केल्या. सरकारने तोच करार खरा मानला आणि १८३८ साली बंदुकीच्या धाकाने सर्वांना हुसकून लावले. वाटेत हजारो मेले.

यातून दोन धडे मिळतात. पहिला, नुसते लिहिता-वाचता येऊन भागत नाही, पाठीशी संघटित ताकद लागते. बाबासाहेबांनी ‘शिका’ म्हटले आणि तिथेच थांबले नाहीत. दुसरा धडा अधिक कडू आहे. चार-दोन घरभेद्यांच्या सह्या सगळ्या समाजाची जमीन घालवू शकतात. वतनाच्या जमिनी बहुतेक ठिकाणी सामाईक आहेत, वारस शंभर-दीडशे आहेत, आणि दलालाला सुरुवातीला फक्त एक फुटलेला भाऊबंद पुरतो. तो बहुतेक वेळा आपल्यातलाच असतो, कधी कधी गळ्यात निळा पंचाही असतो. प्रस्थापितांना शिव्या देणे सोपे आहे. या पंचावाल्याला भर बैठकीत जाब विचारायची हिंमत आपण कधी दाखवणार?

म्हणून चळवळीने आता काही कामे नेटाने हाती घेतली पाहिजेत. गावोगावच्या बुद्धविहारात रविवारी वंदना झाल्यावर तासभर कागद वाचायला बसा. सातबारा काढा, जुने फेरफार काढा, वारस नोंदींची सहा-क आणि दुमाला जमिनींचा गाव नमुना तीन पाहा, फेरप्रदानाच्या आदेशाची आणि पैसे भरल्याच्या चलनाची नक्कल मागा. बहिणींची नावे वारसांत लागली आहेत का ते तपासा, कारण हक्काची गोष्ट निघाली की आपल्या घरातसुद्धा मनू जागा होतो. सर्व वारसांची बैठक घेतल्याशिवाय कुणीही मुखत्यारपत्रावर अंगठा वा सही करायची नाही, असा ठराव करा.

आणि घरातली पत्रे जपा. मुंबईहून बापाने पाठवलेले पोस्टकार्ड, मनिऑर्डरीची पावती, ‘वतनाचा आकार भरला का’ असे विचारणारी चुलत्याची दोन ओळींची चिठ्ठी, हे सारे आपल्या इतिहासाचे दप्तर आहे. याची जाण ज्याला होती तो माणूस याच मातीतला. आटपाडीचे शंकरराव खरात तराळकी करणाऱ्या घरात जन्मले. ज्या घराने गावाचे सांगावे वाहिले, त्याच घरातल्या मुलाने पुढे बाबासाहेबांची पत्रे गोळा करून ग्रंथरूपाने समाजापुढे ठेवली. सरदारांच्या पत्रांना खरे आणि राजवाडे मिळाले. आपल्या पत्रांना आपणच मिळालो पाहिजे.

साताऱ्यात रामजी सुभेदारांचा भीमा शाळेत गेला, तिथेच माता भीमाबाईंची समाधी आहे. दरवर्षी आपण तिथे डोके टेकवतो. ते करूच. पण त्याच दिवशी परतताना तहसील कचेरीत नकलेचा एक अर्ज टाकून या. दुसऱ्यांच्या शिवा आपल्या बापजाद्यांनी शेकडो वर्षे दाखवल्या. आता आपली शीव आपण आपल्या हाताने, आपल्या अक्षरात लिहायची आहे.